सामन खारवणं आणि मंद भाजणं: मीठ किती, वेळ किती, ओव्हन कितीवर

तर तुमचं म्हणणं थोडक्यात असं, की ८०० ग्रॅमचा सामनचा (सॅल्मन माशाचा) तुकडा मीठ-साखरेत पार बुडवून रात्रभर फ्रिजमध्ये ठेवलात, सकाळी धुतलात, २०० डिग्रीच्या ओव्हनमध्ये वीस मिनिटं भाजलात, आणि बाहेर आला तो शेपटीकडे मिठाचा खडा चघळावा इतका खारट, मधे कोरडा, आणि वरून पांढरे गोळे सुटलेले. शिवाय दुसरा प्रश्न, की न भाजता नुसता खारवलेलाच खाल्ला तर चालतो का. दोन्हीची उत्तरं देतो, जरा लांबण लागेल. मी बरीच वर्षं हॉटेलच्या कोल्ड किचनमध्ये हेच काम केलंय आणि आता घरी हौस म्हणून करतो, त्यामुळे यातल्या बहुतेक चुका आधी स्वतः करून झाल्यात.

तुमचा हात चुकलेला नाही, तुम्ही दोन वेगळ्या रेसिपी एकात मिसळल्यात एवढंच. कच्चाच खायचा म्हणून जो सामन खारवतात त्याला मीठ भरपूर लागतं, कारण तिथे आच लागणारच नसते, पोत जो काय बदलायचा तो मिठानेच बदलायचा असतो. भाजायच्या सामनला मीठ लागतं ते त्याच्या निम्मं किंवा त्याहूनही कमी, तिथे मिठाचं काम फक्त चव आत पोचवणं आणि भाजताना पाणी धरून ठेवणं. तुम्ही पहिल्या प्रकाराइतकं मीठ लावलंत आणि वर दुसऱ्या प्रकारची आच दिलीत, तीही जवळजवळ दुप्पट.

आता मीठ नक्की काय करतं ते एकदा डोक्यात बसलं की रेसिपी पाठ करायची गरजच राहत नाही. माशाला मीठ लागलं की आधी आतलं पाणी बाहेर ओढलं जातं, तुम्ही ट्रेमध्ये साचलेलं बघितलं असेल. मग त्याच पाण्यात मीठ विरघळतं आणि हळूहळू मांसात शिरायला लागतं, तिथली प्रथिनं सैल करतं, थोडी विरघळवतं, म्हणून खारवलेल्या माशाचा पृष्ठभाग हाताला चिकट लागतो आणि मांस घट्ट, किंचित पारदर्शक होतं. साखर पण पाणी ओढते, पण तिचं खरं काम मिठाची धार बोथट करणं, गोड करणं नाही. आणि हे आत शिरणं सरळ हिशोबात होत नाही, जाडी दुप्पट झाली तर वेळ दुप्पट नाही तर जवळपास चौपट लागतो. म्हणूनच तुमची शेपटी खारट झाली आणि मधला भाग तितका नाही, एकाच तुकड्यात दीड सेंटिमीटर आणि चार सेंटिमीटर अशा दोन जाड्या होत्या आणि घड्याळ मात्र एकच. चरबीमुळे पण मीठ हळू शिरतं. फार्ममधला अटलांटिक सामन चांगला चरबीदार असतो, तो सावकाश घेतो, आणि सॉकाय सारखा पॅसिफिकमधला जंगली सामन सडपातळ असतो तो भराभर खारट होतो. रेसिपीत लिहिलेले "१२ तास" कुठल्या माशाचे हे कोणी सांगतच नाही!

यावरून पहिला नियम, चमच्याने मीठ मोजायचं नाही, वजनकाट्यावर मोजायचं. मी सुरुवातीला चमच्याने मोजायचो, जाड फ्लेक मीठ वापरायचो, सगळं छान चालायचं. एकदा ते संपलं म्हणून नेहमीचं बारीक मीठ घेतलं, चमचे तेवढेच, आणि दीड किलोचा फिले (माशाची कापून काढलेली अख्खी बाजू) अक्षरशः कचऱ्यात गेला. कारण फ्लेक मिठाच्या पापुद्र्यांमधे हवा असते, एका चमच्यात बारीक मीठ त्याच्या जवळपास दुप्पट वजनाचं बसतं. वजनावर गेलात तर मीठ कुठलंही चालतं, आयोडिनवालं पण चालतं. गुलाबी क्युअरिंग सॉल्ट मिळतं, ज्यात नायट्राइट असतं, ते यात लागत नाही, आणि हिमालयन गुलाबी मीठ म्हणजे ते नव्हे हे पण लक्षात ठेवा, नावांमुळे गोंधळ होतो.

कच्चा खायचा असेल तर दोन रस्ते आहेत. जुना रस्ता म्हणजे मिठात पुरायचं. ग्रॅव्हलॅक्स म्हणतात तो हाच, स्कँडिनेव्हियातला, आणि त्या नावातच पुरणं आहे, ग्रॅव्ह म्हणजे खड्डा किंवा थडगं आणि लॅक्स म्हणजे सामन, मध्ययुगात मासेमार खरंच तो मीठ लावून जमिनीत पुरून ठेवायचे आणि तो जरा आंबायचा. आता आंबवत नाहीत, फ्रिजमध्येच करतात. मीठ आणि साखर वजनाने सारखी, त्यात भरड कुटलेली पांढरी मिरी आणि भरपूर शेपू, वर-खाली जाड थर, वरून थोडं वजन ठेवायचं आणि साधारण २४ तासांनी काढून धुवायचं, जाड तुकडा असेल तर ३६. यात गडबड अशी, की मीठ गरजेपेक्षा खूप जास्त असतं, म्हणजे मासा मीठ घेतच राहतो, तुम्ही चार तास उशिरा उठलात की गेलं.

दुसरा रस्ता मला जास्त आवडतो आणि घरी करणाऱ्याला मी तोच सांगतो. माशाच्या वजनाच्या २.५ ते ३ टक्के मीठ आणि दीड-दोन टक्के साखर, बस्स, म्हणजे एक किलोला २५-३० ग्रॅम मीठ आणि १५-२० ग्रॅम साखर. दिसायला हे एवढंसं दिसतं, पहिल्यांदा करताना हात शिवशिवतो अजून टाकायला, टाकू नका. सगळीकडे चोळायचं, जाड भागाला जरा जास्त, शेपटीला हलकं, झिपलॉक पिशवीत घालून हवा दाबून काढायची, फ्रिजमध्ये दोन ते तीन दिवस, रोज एकदा पिशवी उलटायची. सुटलेलं पाणी पिशवीतच राहू द्यायचं, ओतायचं नाही, कारण मीठ त्यातच आहे आणि ते परत आत जायचंय. यात मीठच मोजकं असल्यामुळे मासा ठराविक मर्यादेपलीकडे खारट होऊच शकत नाही, तिसऱ्या दिवशी विसरलात तरी चवीत फारसा फरक नाही. नंतर धुवायचीही गरज नसते, पुसून घ्यायचं. मग जाळीवर ठेवून उघडाच फ्रिजमध्ये सहा-आठ तास सुकू द्यायचा, वर एक चकचकीत पातळ साय आल्यासारखा थर येतो, तो आला की कापताना मासा फाटत नाही.

मासा बघून घ्यायचा तर मधला भाग मागायचा, शेपटीकडचा नाही, म्हणजे जाडी सारखी मिळते. त्वचा ठेवायची. काटे काढायला बोट डोक्याच्या बाजूने शेपटीकडे उलटं फिरवलं की मधल्या रेषेत टोकं लागतात, चिमट्याने धरून डोक्याच्या दिशेला तिरकं ओढायचं, सरळ वर ओढलंत तर मांस फाटतं. काटे अजिबात निघत नसतील तर मासा अगदी ताजा आहे असं समजा, मग खारवून झाल्यावर काढा, तेव्हा सोपे जातात.

लिंबाचं विचारलंय तुम्ही. रस आधी लावू नका, आम्लाने वरचा थर पांढरा आणि खडूसारखा होतो, साल किसून घाला, रस ताटात. व्होडका किंवा जिनचा शिडकावा देतात तो निव्वळ वासासाठी, त्याने काही मरत बिरत नाही.

हां, मरण्यावरून दुसरा प्रश्न. हा भाग नीट वाचा. मीठ-साखरेत दोन दिवस ठेवल्याने परजीवी मरतात हा समज चुकीचा आहे. सामनमध्ये अनिसाकिस नावाची बारीक अळी असू शकते, जंगली सामनमध्ये तर नेहमीच शक्यता धरून चालायचं, काही ठिकाणच्या माशांत चपट्या कृमीची पिल्लं पण असतात, आणि या प्रमाणातल्या मिठाला त्या दाद देत नाहीत. त्यांना मारायला गोठवणं किंवा शिजवणं हे दोनच उपाय. अमेरिकेच्या एफडीएचा (तिथल्या सरकारी अन्न-औषध खात्याचा) नियम उणे २० डिग्री किंवा त्याखाली ७ दिवस, युरोपातला उणे २० ला २४ तास, पण तो माशाच्या अगदी मध्यभागी उणे २० पोचल्यापासून धरायचा. घरातला फ्रीझर बहुतेक वेळा उणे १८ च्या आसपास असतो आणि दार उघडझाप चालूच असते, त्यामुळे मी घरच्या फ्रीझरवर विसंबत नाही, कच्चा खायचा असेल तेव्हा आधीच नियमाप्रमाणे गोठवलेलाच मासा घेतो. फार्ममधला सामन तयार खाद्याच्या गोळ्यांवर वाढतो, जिवंत छोटे मासे खात नाही, म्हणून त्यात ही अळी फारच क्वचित, आणि काही अटींवर युरोपच्या नियमात त्याला गोठवण्यातून सूटही आहे. गंमत म्हणजे जपानमध्ये पूर्वी सामन कच्चा खातच नसत, तो या अळीमुळेच, १९८० च्या दशकात नॉर्वेने आपला फार्मचा सामन तिथे कच्चा खाण्यासाठी म्हणून खपवायला सुरुवात केली तेव्हा कुठे तो सुशीवर चढला.

अळीचं झालं, पण लिस्टेरिया नावाचा बॅक्टेरिया गोठवून मरत नाही, या मिठानेही मरत नाही आणि फ्रिजच्या थंडीत सुद्धा हळूहळू वाढतो. म्हणून गरोदर बाई, म्हातारी माणसं, लहान बाळं, किंवा ज्यांची प्रतिकारशक्ती कमी आहे (केमो चालू असलेले वगैरे) त्यांना खारवलेला कच्चा सामन द्यायचा नाही. यात "थोडासा चालतो" असं काही नसतं. बाकीच्यांसाठी, फ्रिज ४ डिग्री किंवा त्याखाली, आणि तयार झालेला तीन-चार दिवसांत संपवायचा. आणि एक गोष्ट जी पाकिटावर बारीक अक्षरात असते आणि कोणी वाचत नाही: व्हॅक्युम पॅकमधला गोठलेला मासा फ्रिजमध्ये वितळवताना पाकीट आधी फाडायचं किंवा मासा बाहेर काढून ठेवायचा. बोट्युलिझम (जीवघेणी अन्नविषबाधा) करणाऱ्या बॅक्टेरियाचा माशात सापडणारा एक प्रकार हवा नसेल तर ३ डिग्रीच्या थोडं वर सुद्धा वाढू शकतो. होण्याची शक्यता कमी, पण पाकीट फाडायला दोन सेकंद लागतात.

आता भाजणं, तुमचा मूळ घोळ इथेच आहे.

सामन थंड पाण्यात राहणारा प्राणी, त्यामुळे त्याच्या स्नायूंची प्रथिनं थंडीतच काम करायला बनलेली आहेत, आपल्याला जेमतेम कोमट वाटेल तिथे ती बिघडायला लागतात. साधारण ४० डिग्रीपासून मांस आक्रसायला सुरुवात होते, ४५-५० ला मांसाच्या थरांमधले पडदे विरघळतात आणि पाकळ्या सुटायला लागतात, ६० च्या पुढे तंतू इतके आवळले जातात की आतलं पाणी पिळून बाहेर येतं. म्हणजे खायला सगळ्यात छान असा पट्टा फक्त ४८ ते ५५ चा. आता २०० डिग्रीच्या ओव्हनमध्ये मधला भाग ५० ला पोचेपर्यंत बाहेरचा सेंटिमीटरभर थर ७०-८० ला गेलेला असतो. ते पांढरे गोळे म्हणजे चरबी नव्हे, ते अल्ब्युमिन, तंतूंमधून पिळून आलेलं पातळ प्रथिन जे बाहेर येऊन गोठतं. खायला काही हरकत नाही, पण ते दिसलं की समजायचं आच जास्त झाली. १२० डिग्रीच्या ओव्हनमध्ये बाहेर आणि मधे फरकच कमी पडतो, म्हणून वरपासून खालपर्यंत एकसारखा मऊ, चमच्याने तुटेल असा होतो, आणि शिवाय तुम्हाला चुकायला वेळ मिळतो, २०० ला दोन मिनिटं इकडेतिकडे म्हणजे मासा कोरडा, १२० ला पाच मिनिटं उशीर झाला तरी फार बिघडत नाही.

त्यासाठी मीठ किती, तर वजनाच्या १ ते सव्वा टक्का, म्हणजे तुमच्या ८०० ग्रॅमला ८ ते १० ग्रॅम मीठ आणि ४-५ ग्रॅम साखर. आदल्या रात्री चोळा, जाळीवर उघडाच फ्रिजमध्ये ठेवा, सकाळी धुवायचं काही नाही, दिसलं पाणी तर टिपून घ्या. यातही तोच फायदा, मीठ मोजकंच असल्यामुळे रात्रभराचे चौदा तास झाले तरी खारट होत नाही. आयत्या वेळी करायचं असेल तर एक लिटर पाण्यात ६० ग्रॅम मीठ विरघळवून त्यात २० मिनिटं बुडवा, काढून कोरडा करा. या खारवण्याने वरच्या थरातली प्रथिनं सैल होऊन एकमेकांत अडकतात, ती भाजताना तितकी आवळत नाहीत, म्हणून पांढरा फेस जवळजवळ येतच नाही. फरक बघायचा असेल तर एकदा एका तुकड्याचे दोन भाग करून एक खारवून आणि एक तसाच शेजारी शेजारी भाजा, परत कधी तसाच भाजणार नाही तुम्ही.

ओव्हन १२०, पंखा बंद, पंखा बंद होत नसेल तर १०५-११०. माशाला तेल चोळायचं, त्वचा खाली, खाली लिंबाच्या चकत्या किंवा शेपूच्या काड्या पसरल्या तर बरं, ट्रेला थेट टेकत नाही. शेपटीचं पातळ टोक असेल तर खाली दुमडून घ्या म्हणजे जाडी सारखी होते. खालच्या कप्प्यात गरम पाण्याचा एक ट्रे ठेवतो मी, वरचा थर वाळत नाही. तीन सेंटिमीटर जाडीच्या तुकड्याला साधारण २५ मिनिटं लागतात, मी अठराव्या मिनिटापासून थर्मामीटर खुपसायला लागतो, सर्वात जाड जागी, बाजूने, आडवा, म्हणजे टोक बरोबर मधे येतं. ४८-४९ दाखवलं की बाहेर, बाहेर ठेवल्यावर अजून दोन-तीन डिग्री चढतोच. सॉकाय असेल तर ४६ लाच काढा, त्याच्याकडे चरबीची उशी नसते. आणि ओव्हनच्या बटणावर विश्वास ठेवू नका, कमी तापमानाला तर नाहीच, माझा १२० लावला की आधी १४० पर्यंत उसळी घेतो आणि मग खाली येतो. आत टांगायचं साधं थर्मामीटर मिळतं ते एकदा घेऊन आपल्या ओव्हनचा स्वभाव बघून ठेवा.

वर ज्यांना कच्चा देऊ नये म्हटलं त्यांना हा ५० डिग्रीचाही नको. त्यांच्यासाठी अमेरिकेतली सरकारी शिफारस आहे तसा मध्यभागी ६३ पर्यंत न्या, आधी खारवलेला आणि मंद भाजलेला असेल तर ६३ ला पण तो तुमच्या त्या दिवशीच्यापेक्षा नक्कीच बरा लागेल.

एक धोक्याची सूचना, मंद भाजलेला सामन शिजलेला दिसतच नाही. रंग जवळजवळ तसाच केशरी, चमक तशीच, वर ना तांबूस डाग ना काही. पहिल्यांदा मी घरी केला तेव्हा जेवायला आलेल्या मैत्रिणीने काटा खाली ठेवून विचारलं, "हा कच्चा आहे का रे?", आणि मी घाबरून तो परत ओव्हनमध्ये सारला, झाला भुसा. डोळ्याने ठरवायचंच नाही. थर्मामीटर नसेल तर जाड भागात चमच्याची कड दाबा, पाकळ्या आपोआप सरकून वेगळ्या झाल्या आणि मधे जेली सारखं काही अडकलं नाही तर झालंय.

तुमचा तो खारट तुकडा फेकला नसेल तर पाकळ्या सुट्या करून बिनमिठाच्या उकडलेल्या बटाट्यात आणि क्रीममध्ये कालवा, मीठ अजिबात घालू नका, छान खपतो. कच्चा खारवलेला जास्त खारट झाला तर मात्र सोपा उपाय आहे, थंड पाण्यात अर्धा तास बुडवायचा, एक पातळ काप कापून चाखायचा, गरज असेल तर पाणी बदलून अजून अर्धा तास, मग पुसून परत सुकवायचा. कापताना लांब पातळ सुरी, शेपटीच्या दिशेने, जवळजवळ आडवी धरून, आणि त्वचेलगतचा करड्या-तपकिरी रंगाचा थर तिथेच सोडून द्यायचा, त्याला उग्र वास येतो. सोबत मोहरीची पेस्ट, थोडी साखर, व्हिनेगर, तेल आणि चिरलेला शेपू घोटून केलेला सॉस, याच्या पुढे मी काही शोधायला गेलेलो नाही.

भाजलेला उरला तर मायक्रोवेव्हमध्ये गरम करू नका, सगळी मेहनत एका मिनिटात जाते, गारच खा, दोन-तीन दिवस फ्रिजमध्ये नीट राहतो. आणि त्वचा टाकू नका. भाजून झाल्यावर ती सहज सुटते, आतल्या बाजूने सुरीच्या पाठीने खरवडून घ्या, कोरड्या तव्यावर ठेवून वरून जड भांडं दाबा, दोन्हीकडून तीन-तीन मिनिटं, पापडासारखी होते, मासा पानात वाढेपर्यंत ती उरेल याची खात्री मात्र मी देत नाही.